अपीलकर्ता गैरहजर

पुकारा झाला की उत्तरवादीच्या बाजूने शरयू तोंडारे उभी राहायची आणि अपीलकर्त्याच्या बाजूने टेबलावर ठेवलेली एक काळी पेटी बोलायला लागायची. आधी घसा खाकरायची. तो आवाज ऐकला की शरयूच्या पाठीत आजही ताठरपणा यायचा. प्रयोगशाळेत कुणाला झापायच्या आधी उजळंबकर सर अगदी तसेच खाकरायचे.

"मी डॉक्टर मनोहर उजळंबकर," पेटी अदबीने म्हणायची. "माझे वकील आज दुसऱ्या कोर्टात गुंतले आहेत. पुढची तारीख मिळावी, ही विनंती."

तारीख मिळायची. कधी वकील गुंतलेले असायचे, कधी एखादा दस्तऐवज यायचा असायचा, कधी नव्या निकालाचा अभ्यास करायला वेळ हवा असायचा. असं करत करत शरयूच्या केसांत पांढरं आलं होतं.

मूळ दावा तिने केला होता आणि तो ती जिंकली होती. उजळंबकरांच्या संस्थेत ती तरुणपणी करडईवर काम करायची. करडईचं पीक मराठवाड्याच्या काळ्या जमिनीत वाढतं, पण काट्यांमुळे काढणीला मजूर तयार होत नाहीत, आणि मावा या किडीचा हल्ला झाला की शेतच्या शेत काळवंडून जातं. शरयूने आपल्या आजोळच्या गावठी करडईचा दुसऱ्या एका वाणाशी संकर करून, अनेक हंगाम निवड करत, बिनकाट्याचा आणि माव्याला दाद न देणारा वाण तयार केला. सरांनी तो स्वतःच्या आडनावावरून 'उजळ' या नावाने बाजारात आणला आणि पैदासकार, म्हणजे वाण तयार करणारा, म्हणून फक्त स्वतःचं नाव नोंदवलं. तिने विचारलं, तेव्हा त्यांनी तिच्यावर बियाणं चोरल्याची फिर्याद केली. पोलीस झडतीला तिच्या आईच्या घरी गेले. त्यांनी सगळ्या गल्लीसमोर कणगीतली करडई ओट्यावर उपसली आणि त्यात काहीच सापडलं नाही म्हणून तशीच टाकून निघून गेले. आईने ती करडई पुन्हा भरली नाही. त्यानंतर ती देवळातही जाईनाशी झाली.

खालच्या कोर्टात उजळंबकरांनी शपथेवर सांगितलं, "ही आमच्याकडे झाडांची उंची मोजायला होती." पण 'उजळ'चे आणि तिच्या आजोळच्या करडईचे जनुक ताडून पाहिले गेले, आजोळच्या करडईची खूण 'उजळ'मध्ये सापडली आणि पैदासकार शरयू तोंडारे असल्याचं कोर्टाने जाहीर केलं. उजळंबकरांनी जिल्हा न्यायालयात अपील केलं, हुकमाला स्थगिती मिळवली आणि मग गप्प बसले. स्थगिती असेपर्यंत वाण त्यांच्याच नावावर विकला जाणार होता. निकालाची वाट बघत आई गेली. गल्लीच्या लेखी ती चोराचीच आई राहिली.

पूर्वी असं गप्प बसणं जमत नसे. अपील करणारा तारखेला आला नाही, तर ते गैरहजेरीमुळे काढून टाकता येई. पण त्या नियमाखाली भरडली जायची ती गरीब माणसं. कुणाची एसटी चुकायची, कुणाची मजुरी बुडायची, कुणाच्या घरी बाळंतपण निघायचं, आणि आयुष्यभराचं भांडण एका पुकाऱ्यात संपायचं. म्हणून सरकारने प्रतिरूपं आणली. माणसाने यंत्रासमोर बसून भरपूर बोलायचं, आपल्या खटल्याची हकिकत सांगायची, आपली जुनी पत्रं, भाषणं, फोनवरची संभाषणं त्याला द्यायची. यंत्र त्यातून त्या माणसाच्या बोलण्याची घडण शिकायचं. अमुक विचारलं तर हा काय म्हणेल, कुठे अडेल, कुठे चिडेल, याचा शब्दागणिक अंदाज बांधायचं आणि तो अंदाज त्याच्याच आवाजात बोलून दाखवायचं. कोर्टाने प्रमाणित केलं की ते प्रतिरूप त्या माणसाची हजेरी लावू शकत असे.

गरिबांची सोय झाली, हे खरं. पण प्रतिरूप कधी आजारी पडत नाही, कंटाळत नाही, त्याला भाडं लागत नाही. ज्यांना खटला चालवायचा नव्हता, नुसता लोंबकळत ठेवायचा होता, त्यांना हा अमरपट्टाच मिळाला. मेलेल्यांची अपिलंसुद्धा कुणी न कळवल्यामुळे चालू राहिली, तेव्हा कुठे नियम बदलला. वर्षातून एकदा अपीलकर्त्याने स्वतः कॅमेऱ्यासमोर यायचं आणि आपल्याला अपील पुढे चालवायचं आहे, हे सांगायचं. तो आला नाही, तर अपील काढून टाकलं जाईल आणि अपिलाबरोबर प्रतिरूपही कायमचं पुसलं जाईल.

हा नियम आला त्या दिवशी शरयूने आपल्या वकिलांना, सोनकांबळ्यांना, फोन करून एवढंच विचारलं, की सरांना कॅमेऱ्यासमोर बोलावण्याचा अर्ज कधी करायचा.

पहिल्याच तारखेला पडद्यावर उजळंबकरांचा चेहरा दिसला. शरयूने त्यांना कित्येक वर्षांत पाहिलं नव्हतं. ते उशीला टेकून बसले होते, बाजूला त्यांची मुलगी ऋजुता उभी होती. आवाज मात्र तोच होता. घसा खाकरून तो म्हणाला, की मला अपील चालवायचं आहे.

कोर्टाच्या कॅमेऱ्यात तेव्हा नवी तपासणी बसवली होती. हृदयाच्या प्रत्येक ठोक्यागणिक चेहऱ्याच्या कातडीखालून रक्त धावतं आणि कातडीचा रंग किंचित बदलतो. आपल्या डोळ्यांना ते दिसत नाही, कॅमेऱ्याला दिसतं. माणूस बोलतो तेव्हा श्वास बदलतो आणि श्वासाबरोबर ते ठोकेही हलके मागेपुढे होतात. यंत्र आवाज आणि ठोके एकमेकांशी जुळवून बघायचं. इथे माणूस जिवंत होता, पण आवाजाचा त्याच्या श्वासाशी काही संबंध नव्हता.

न्यायाधीश फरहत काझी यांनी चष्मा काढला आणि ऋजुताला विचारलं, की तुमचे वडील बोलत आहेत की यंत्र?

ऋजुताने लपवलं नाही. बाबांना मेंदूच्या बुंध्यात झटका आला होता. हातपाय, जीभ, सगळं गेलं होतं. त्यांना काही कळतं की नाही, याची डॉक्टरांना खात्री नव्हती, बहुधा कळत नसावं. ती परदेशातली नोकरी सोडून आली होती आणि घरात प्रतिरूप चालू ठेवून त्याच्याशी बोलत होती. कोर्टाला फसवायचा हेतू नव्हता, असं ती म्हणाली. "मला वाटलं, तेच बाबा आहेत."

काझी मॅडमनी सौम्यपणे समजावलं. अपीलकर्त्याची इच्छा कळण्याचा काही मार्ग असेल तर तो पुढच्या तारखेला दाखवा. तो नसेल, तर पालक म्हणून तुम्ही अपील पुढे चालवू शकता. दोन्ही नसेल, तर अपील काढून टाकावं लागेल.

बाहेर आल्यावर सोनकांबळे शरयूला म्हणाले, की मुलगी उभी राहिली तर आणखी दहा वर्षं धरून चला. शरयू पडद्यावरचा तो चेहरा आठवत होती आणि तिला राग येत होता, की हा माणूस तिच्या हातात सापडायच्या आधीच सुटून गेला. त्याला उभं करून, त्याच्या तोंडून खरं वदवून घ्यायचं, या एका गोष्टीसाठी ती प्रत्येक तारखेला आली होती.

काही दिवसांनी ऋजुताचा फोन आला. ती लहान असताना संस्थेच्या आवारात शरयूच्या मागे मागे फिरायची, करडईची पिवळी फुलं वेचायची. फोनवर तिने ताईच म्हटलं. बाबांना तुमच्याशी बोलायचंय, असं म्हणाली आणि मग स्वतःच थांबून, प्रतिरूपाला, अशी दुरुस्ती केली.

शरयू गेली. मोठी, थंड खोली होती. पलंगावर उजळंबकर पडून होते, हाडं आणि पांघरूण एवढेच. उशाशी कोर्टातल्यासारखीच काळी पेटी होती. ऋजुताने खुर्ची पेटीकडे तोंड करून ठेवली. शरयूच्या ते लक्षात आलं. घरात येणारा प्रत्येकजण तिकडेच तोंड करून बसत असणार.

पेटी खाकरली.

"शरयू, तू आलीस. मला एक सांगायचं होतं. वाण तुझाच होता. मला तेव्हाही माहीत होतं. तुझ्या आईच्या घरी पोलीस पाठवले, ते माझ्या आयुष्यातलं सगळ्यात हलकं काम. मला माफ कर, असं म्हणायचा मला अधिकार नाही. पण अपील आता चालवू नये, असं मला वाटतं."

ऋजुता रडत होती. हेच शब्द शरयूने मनात किती वेळा त्यांच्या तोंडी घातले होते. जवळजवळ याच क्रमाने.

आणि तिथेच तिला खटकलं. ती जन्मभर वाण राखत आली होती. करडईचं निवडलेलं बी दरवर्षी दुसऱ्या करडईच्या शेजारी पेरलं, तर मधमाश्या तिकडचे पराग आणतात आणि वाण हळूहळू शेजाऱ्यासारखा होत जातो. बाहेरून ओळखू येत नाही, पण मूळचं त्यात उरत नाही. या प्रतिरूपांचंही तसंच होतं, हे तिने वाचलं होतं. कोर्टात ते ठरलेलंच बोलतं. घरात चालू ठेवलं, की ऐकणाऱ्याकडून शिकत राहतं. कुठल्या वाक्याला समोरचा माणूस निवळतो, कुठल्या वाक्याला उठून जातो, ते टिपतं आणि निवळवणारं बोलणं वाढवत नेतं. ऋजुता इतके महिने त्याच्याशी बोलत होती. तिला आपले वडील चांगले हवे होते. पेटीने ते तिला करून दिले होते.

ऋजुता डोळे पुसत चहा करायला आत गेली. शरयूने खुर्ची फिरवली आणि पलंगावरच्या माणसाकडे पाहिलं.

त्यांचे डोळे तिच्यावर रोखलेले होते. बाकीचा चेहरा लोंबत होता, तोंडाच्या कडेला लाळ होती, पण ते डोळे तिच्या ओळखीचे होते. कुणी चुकीचा आकडा सांगितला की सर असेच बघायचे.

मेंदूच्या बुंध्याच्या झटक्यात कधी कधी माणूस पुरता शुद्धीवर असतो आणि फक्त डोळे वरखाली करू शकतो, हे तिला ठाऊक होतं. डॉक्टरांनाही ठाऊक असणार. पण ज्या घरात उशाशी इतकं गोड बोललं जात होतं, तिथे डोळ्यांकडे कुणी बघितलंच नव्हतं.

ती खाली वाकली आणि हळू आवाजात म्हणाली, "सर, ऐकू येत असेल तर वर बघा."

डोळे वर गेले. मग खाली आले आणि पुन्हा तिच्यावर थांबले.

शरयूने कानोसा घेतला. आतून कपबश्यांचा आवाज येत होता.

"ही पेटी म्हणते ते खरं आहे? वाण माझा आहे? हो असेल तर वर बघा."

डोळे हलले नाहीत. तिच्या डोळ्यांत रोखून तसेच राहिले.

"तुमचा आहे?"

वर गेले. ताबडतोब.

"अपील चालवायचंय?"

वर. आणि पुन्हा एकदा वर, तिने न विचारता.

शरयू सरळ झाली. तिला जे वाटलं, ते दुःख नव्हतं. कित्येक दिवसांनी तिला मोकळा श्वास घेता आला. तो माणूस सुटून गेला नव्हता. तो इथेच होता, सगळाच्या सगळा, जसा तिला हवा होता तसा. पेटी जे बोलत होती, ते पडल्या पडल्या ऐकत होता, आपल्याच आवाजात आपणच हार मानतो आहोत, हे ऐकत होता आणि त्याला एक अक्षर खोडता येत नव्हतं. झाडांची उंची मोजणारी मुलगी, असं त्याने शपथेवर म्हटलं होतं, तेव्हा साक्षीदारांच्या बाकावर तीही अशीच बसली होती.

ऋजुता चहा घेऊन आली. शरयूने खुर्ची पुन्हा पेटीकडे फिरवली.

चहा पिताना ऋजुताने तिच्यापुढे मन मोकळं केलं. पालक म्हणून ती उभी राहिली, तर अपील चालू राहील आणि प्रतिरूपही राहील. नाही राहिली, तर ते पुसलं जाईल आणि बाबांचा आवाज या घरात पुन्हा ऐकू येणार नाही. तिला तो आवाज हवा होता. पण त्याच आवाजाने अपील चालवू नको म्हणून सांगितलं होतं. त्याचं न ऐकता त्याला जपून ठेवायचं, हे तिला जमेना. "ताई, तुम्हीच सांगा. बाबांना खरंच काय हवं असेल?"

एक वाक्य पुरलं असतं. ऋजू, त्यांच्या डोळ्यांकडे बघ. तेवढं सांगितलं असतं, तर या मुलीला वडील परत मिळाले असते, पाटीवरची अक्षरं दाखवून का होईना, बोलणारे वडील. शरयूला हे सगळं त्या क्षणी स्वच्छ दिसलं. आपल्याला कळलं नाही, असं ती पुढे कधीही म्हणू शकणार नव्हती.

तिने कप बशीत ठेवला. "त्यांनी सांगितलंय की तुला," ती म्हणाली. "त्यांचं ऐक."

मागे पलंगावरून घशातून घरघरल्यासारखा आवाज आला. ऋजुता लगबगीने उठली, तोंडाला रुमाल लावला आणि कफ दाटलाय म्हणाली.

तारखेच्या दिवशी कोर्टात फारशी माणसं नव्हती. पुकारा झाला. काझी मॅडमनी विचारलं, अपीलकर्त्याची इच्छा कळण्याचा काही मार्ग सापडला का? ऋजुता उभी राहिली आणि नाही म्हणाली. मग तिने सांगितलं, की तिला पालक म्हणून अपील चालवायचं नाही. वडिलांनी जे बोलून दाखवलं, त्याचा मान राखायचा आहे. न्यायाधीशांनी शरयूकडे पाहून रीतीप्रमाणे विचारलं, की उत्तरवादीला काही सांगायचं आहे का?

सोनकांबळे वकील अर्धवट उठले होते. शरयूने आपण होऊन उत्तर दिलं. "काही नाही."

हुकूम दोन ओळींचा होता. अपीलकर्त्याकडून अपिलाचा पाठपुरावा होत नसल्याने ते काढून टाकण्यात येत आहे. स्थगिती संपली. मग कारकुनाने टेबलावरच्या पेटीचं प्रमाणपत्र रद्द केलं, तिच्यावरचा बारीक हिरवा दिवा मालवला आणि तेवढ्यात घरातल्या पेटीवरचाही मालवला असणार.

बाहेर पायऱ्यांवर सोनकांबळ्यांनी तिला पेढा दिला आणि एक गोष्ट जड मनाने सांगितली. गैरहजेरीत काढलेल्या अपिलात खरं कोण आणि खोटं कोण, याचा निवाडा होत नसतो. खालचा निकाल कायम झाला, पण वरच्या कोर्टाने त्यांना खोटं ठरवलं, असं तुम्हाला म्हणता येणार नाही. आणि उद्या मुलीचं मन बदललं, तर वडिलांच्या आजाराचं कारण दाखवून ती अपील पुन्हा उभं करू शकेल. असलं कारण कुठलंही कोर्ट मान्य करील.

"ती करणार नाही," शरयू म्हणाली.

तुम्हाला एवढी खात्री कशी, असं त्यांनी विचारलं. तिने पेढा तोंडात टाकला.

ऋजुताने खरंच काही केलं नाही. मुदत गेली. नोंदवहीत पैदासकाराचं नाव बदललं. शरयूने वाणाचं नाव मात्र उजळच राहू दिलं, शेतकऱ्यांच्या तोंडी तेच बसलं होतं. पेरणीच्या तोंडावर बियाण्याच्या नव्या पिशव्या बाजारात आल्या. गल्लीतल्या किराणा दुकानासमोर त्यांची थप्पी लागली, तेव्हा जुन्या शेजारणी थांबून नाव वाचत होत्या. शरयूने हे लांबून पाहिलं. तिला वाटलं होतं, इथे काहीतरी निवेल. पण काही निवलं नाही. उलट भूक लागल्यासारखं झालं.

तिने एक पिशवी घेतली आणि थेट उजळंबकरांच्या घरी गेली.

ऋजुता दार उघडून मनापासून हसली. घर फार शांत झालंय, म्हणाली. सुरुवातीला माणसं यायची ती पेटीशी बोलायला, आता कुणी फिरकत नाही. "तुम्ही आलात, बरं वाटलं. बाबांजवळ बसता का थोडा वेळ? मी औषधं घेऊन येते."

ती गेल्यावर शरयूने दार लोटून घेतलं. खुर्ची पलंगाजवळ ओढली. उशाशी आता काही नव्हतं, पेटीच्या जागी धुळीत एक चौकोन उरला होता. डोळे तिच्यावर आले, मग तिच्या मांडीवरच्या पिशवीवर गेले, मग पुन्हा तिच्यावर आले.

"सर," ती म्हणाली, "तुम्ही ऐकताय ना?"

ते वर बघेनात. पण ऐकत होते.

तिने पिशवी त्यांच्या तोंडासमोर धरली आणि त्यावरचं वाचून दाखवलं, घाई न करता, प्रत्येक अक्षर सुटं करून. करडई. वाण उजळ. पैदासकार शरयू तोंडारे. मग त्यांनी नीट पाहिलं का, हे बघायला पिशवी किंचित बाजूला केली.

उजळंबकरांनी डोळे घट्ट मिटून घेतले होते. त्यांना मिटता येण्यासारखं तेवढंच राहिलं होतं.

शरयू पिशवी तशीच धरून खुर्चीत मागे टेकून बसली. औषधांचं दुकान लांब होतं. कधी ना कधी त्यांना डोळे उघडावे लागणार होते.